अकरा मानणारे पाहिजेत

गणपतराव भुसारींचं नाव टीव्हीवर येणार, ही बातमी नागपुरात हुडकेश्वरच्या त्यांच्या लेआऊटमध्ये, म्हणजे वसाहतीत, मार्च संपायच्या आतच सगळ्यांना पाठ झाली होती. पाठ झाली, कारण खुद्द गणपतरावांनीच ती प्रत्येकाला किमान तीनदा सांगितली होती. दूधवाल्याला जास्त वेळा, कारण तो रोज येतो. नाव किती वेळ दिसणार? पूर्ण दोन सेकंद. करारात तसं छापलेलं होतं आणि त्या ओळीखाली गणपतरावांनी लाल शाईची रेघ मारून ठेवली होती.

दोन सेकंद म्हणजे काहीच नाही, असं ज्यांना वाटतं त्यांनी बावीस वर्षं बिननावाचं लिहून पाहावं. गणपतराव प्राचीन संस्कृतींवरचे माहितीपट मराठीत आणायचे. इजिप्तच्या राजांना त्यांनी मराठीत पुरलं होतं. मायांच्या पुरोहितांकडून मराठीत मंत्र म्हणवून घेतले होते. एवढं करून शेवटी पडद्यावर नावं यायची ती कॅमेरावाल्याची, ड्रोनवाल्याची, एवढंच काय, उंट पुरवणाऱ्याची. सीताबर्डीला मोबाइलच्या कव्हरांचं दुकान असलेला त्यांचा मेहुणा ओमप्रकाश दर दिवाळीला फराळाच्या ताटावर विचारायचा, "भाऊजी, उंटवाल्याचं नाव आलं, तुमचं केव्हा येते?" या प्रश्नामुळे गेली कित्येक वर्षं गणपतरावांना घरची चकली गोड लागलेली नव्हती.

आता मात्र पहिल्यांदाच त्यांना अस्सल, स्वतःचं लिहायला मिळालं होतं. आणि विषय थेट घरचा. नागपूरच्या आसपासच्या माळांवर अडीच-तीन हजार वर्षांपूर्वीच्या लोकांनी आपल्या मृतांभोवती मोठमोठे दगड गोलात मांडून ठेवलेले आहेत. त्या शिलावर्तुळांवर आणि ती रचणाऱ्यांच्या श्रद्धांवर पंचवीस मिनिटांचा भाग. गणपतरावांनी तो तीन आठवडे खपून लिहिला, कौशल्याबाईंना मोठ्याने वाचून दाखवला (त्या वेळी त्या मेथी निवडत होत्या, तरी दोनदा मान हलली होती) आणि सदर भागातल्या वाहिनीच्या ऑफिसात पोचता केला.

सोमवारी तिथून बोलावणं आलं.

वाहिनीचं ऑफिस एका चष्म्यांच्या दुकानावर, दुसऱ्या मजल्यावर होतं. तिथे तथ्य तपासणी विभाग नावाचा एक विभाग होता आणि त्या विभागात मयुरा नावाची सत्तावीस वर्षांची मुलगी आणि एक प्रिंटर एवढाच कर्मचारीवर्ग होता. मयुरा अतिशय नम्र होती. नम्र माणसं फार वाईट. त्यांच्यावर ओरडता येत नाही.

"सर, स्क्रिप्ट खूपच मस्त झाली आहे," ती म्हणाली. "फक्त त्यात 'असे मानले जाते' चौदा वेळा आलं आहे."

"मग?"

"कोण मानतं, सर?"

बावीस वर्षांत हा प्रश्न गणपतरावांना कोणी विचारला नव्हता. 'असे मानले जाते' हे त्यांच्या लेखणीचं वरण होतं. ते घातल्याशिवाय त्यांचं कुठलंही वाक्य खाली उतरत नसे. "लोक मानतात," ते म्हणाले.

"कोणते लोक? नाव, पत्ता?"

"अहो, ते अडीच हजार वर्षांपूर्वी वारले!"

"मग ते मानत होते हे तुम्हाला कोणी सांगितलं, सर?"

मयुराचा नाइलाज होता. झालं होतं असं की, आधीच्या एका भागात 'पृथ्वीला चार कोपरे आहेत असे मानले जाई' असं वाक्य गेलं होतं. त्यावर एका सेवानिवृत्त गृहस्थांनी वकिलामार्फत नोटीस धाडली, की आपण सरसकट विधान केले आहे. मी, माझी पत्नी व दोन्ही मुले असे कधीही मानत आलेलो नाही, करिता खुलासा व्हावा. वाहिनीचे साहेब इतके हादरले, की त्यांनी तडकाफडकी नमुना म-तीन छापून घेतला. मानणाऱ्यांचे घोषणापत्र. यापुढे वाक्यात 'मानले जाते' आलं, की सोबत अकरा मानणाऱ्यांच्या सह्या, पत्ते आणि आधारची झेरॉक्स.

"अकराच का?" गणपतरावांनी विचारलं.

"दहा ठेवले तर ठरवून ठेवल्यासारखं वाटतं, सर."

चौदा गुणिले अकरा म्हणजे एकशे चौपन्न मानणारे. एवढे तर गणपतरावांच्या लग्नालाही नव्हते. मयुराला दया आली. तिने सुचवलं, की तेरा वाक्यं काढून टाका आणि एकच मुख्य ठेवा. गणपतरावांनी तिथेच बसून तेरा वाक्यं खोडली आणि काय उरलं ते वाचलं. उरलं होतं असं: 'इथे दगड आहेत. ते गोलात आहेत. दुपारी इथे ऊन असते.' आणि मग ते एक वाक्य: 'परलोकी तहान लागू नये म्हणून मृतांसोबत पाण्याची मडकी ठेवत, असे मानले जाते.'

"हे शुक्रवारी पाचच्या आत पाहिजे, सर. नाही तर साहेब म्हणतात, नुसतं संगीत लावू. बासरी."

"आणि माझं नाव?"

मयुराने खाली पाहिलं. "बासरीवाल्याचं येईल, सर."

त्या दिवशी सदरपासून हुडकेश्वरपर्यंत गणपतरावांनी स्कूटर कशी चालवली, ते त्यांना आठवत नाही. स्वतःच्या गल्लीत वळताना मात्र चाक शेजारच्या रामटेकेंच्या फाटकाबाहेरच्या माठाच्या तिवईला घासलं. हा माठ उन्हाळा आला की रस्त्याच्या कडेला उभा राहायचा, वर झाकण आणि झाकणावर स्टीलचा ग्लास. गेली अकरा वर्षं गणपतराव त्याला वळसा घालत आले होते आणि अकरा वर्षं मनातल्या मनात त्याला अतिक्रमण म्हणत आले होते.

"हळू, गा बापू!" ओसरीवरून इंदूबाई ओरडल्या. "मडकं फोडतं का माह्यं?"

इंदूबाई म्हणजे शेजारच्या धम्मानंद रामटेकेंच्या मातोश्री, वय अठ्ठ्याहत्तर. एरवी गणपतरावांनी 'मावशी, चुकलं' म्हणून हात जोडले असते. आज ते तसेच घरात शिरले आणि कौशल्याबाईंपुढे फॉर्म आणि पेन ठेवून म्हणाले, "सही कर."

कौशल्याबाईंनी चष्मा लावून फॉर्म वाचला. मागची बाजू वाचली. मग पेन खाली ठेवलं.

"मी कायले सही करू? मी असं मानत नाही."

"मानत नाही? मग दरवर्षी अकीतीले बाबांसाठी घागर कोण भरते? मी?" गणपतराव चिडले की त्यांची पुस्तकी मराठी अंगातून निघून जायची. "पाणी भरून, वर आंबा ठेवून, नमस्कार कोण करते?"

"भरते न. सासूबाई भरत होत्या म्हणून भरते. मानते का नाही, ते मले कोणी विचारलंच नाही आजवर." त्या विचारात पडल्या. "आणि तुमच्या बाबांचं म्हणाल, त ते जित्तेपणी पाणी कुठी पेत होते? चहाच पेत होते."

पंचवीस वर्षांच्या संसारातली अक्षय्य तृतीयेची घागर घरातच अशी उपडी झाल्यावर गणपतराव मंगळवारी सकाळी बाहेर पडले. लेआऊटमध्ये मानणाऱ्यांना तोटा नव्हता, पण जो तो आपलंच काही मानत होता. कोपऱ्यावरच्या किराणावाल्याने सांगितलं, की मडक्यात पाणी नसून मोहाची होती, तसं लिहा, मग दोन सह्या देतो. योगाचे वर्ग घेणाऱ्या बाईंनी दगडांतून लहरी निघतात हे आधी घाला म्हणून हट्ट धरला. एका निवृत्त मास्तरांनी फॉर्म ठेवून घेतला आणि दुपारी तो शुद्धलेखन तपासून, सही न करता परत दिला. गणपतरावांनी त्यांचे आभार मानले. पंचवीस मिनिटं आभार मानले, कारण मास्तर सोडतच नव्हते.

शेवटी ते लेआऊट सोसायटीचे सचिव देवाजी यांच्याकडे गेले. देवाजींना कुठल्याही कागदावर सही करायला आवडायचं. त्यांनी फॉर्म न वाचता सही केली, शिक्का मारला आणि म्हणाले, "तुम्ही कायले उन्हात फिरून राहिले, भुसारीजी? ग्रुपवर टाकतो न मी. उद्या सकाळी तुमच्या फाटकापाशी लाइन लागली नाही त माह्यं नाव बदला."

आणि खरोखरच लागली. बुधवारी सकाळी सातला गणपतरावांनी दार उघडलं तर फाटकापासून थेट पिठाच्या गिरणीपर्यंत माणसं उभी. हातात आधारच्या झेरॉक्सा. गणपतराव दारातच थबकले. त्यांचे डोळे भरून आले. आपण उगाच या गावाला नावं ठेवत होतो, असं त्यांना वाटलं. तीन हजार वर्षांपूर्वीच्या लोकांच्या श्रद्धांबद्दल नागपूरकरांना एवढी कळकळ! त्यांनी ताबडतोब इस्त्रीचा सदरा चढवला, फाटकाशी टेबल मांडलं आणि प्रत्येकाला शिलावर्तुळांची दोन मिनिटं माहिती देऊन मग सही घ्यायला सुरुवात केली. लोकही शांतपणे ऐकत होते. कोणी तर हातही जोडले. कौशल्याबाईंनी आतून चहाचं आधण वाढवलं.

अकरा सह्या केव्हाच झाल्या होत्या, पण रांग मोडायचं त्यांच्या जिवावर आलं. त्रेचाळिसावी मोनाली. शेवटच्या प्लॉटवर राहायची, कडेवर मूल. तिने सही केली, झेरॉक्स दिली आणि विचारलं, "काकाजी, मग केव्हापर्यंत येईल?"

"येत्या महिन्यात. रविवारी सकाळी अकराला."

"सकाळी अकराले? एवढ्या उशिरा? आणि रविवारीच?"

"एकदाच येतं ते. पंचवीस मिनिटं."

"पंचवीस मिनिटांत काय होते, काकाजी? एक ड्रम नाही भरत!"

गणपतरावांनी तिच्याकडे पाहिलं. मग तिच्या मोबाइलकडे. त्यावर देवाजींचा निरोप होता: 'पाण्याचा फॉर्म भुसारीजींकडे आला आहे. आधार झेरॉक्ससह त्वरित भरावा. उशीर करणाऱ्यांची जबाबदारी सोसायटीवर नाही.'

इथे सांगायला हवं, की लेआऊटच्या या भागात अजून नळ आलेला नव्हता. एक दिवसाआड टँकर यायचा, आणि पाणी हा एक शब्द ऐकला की इथली माणसं अंगावरच्या कपड्यानिशी पळत सुटायची. फॉर्मात पाणी हा शब्द होता. देवाजींनी तेवढाच वाचला होता.

"म्हंजे नळ नाही?" रांगेतून आवाज आला.

"नळाचा संबंध नाही. आपल्या पूर्वजांची मडकी..."

"मेलेल्यांचं पाणी होय! आणि आमाले सकाळपासून उभं करून ठेवलं?"

"माही झेरॉक्स वापस द्या!"

त्रेचाळीस माणसांनी पंधरा मिनिटांत मानणं सोडलं. कोणी सही खोडली, कोणी फॉर्मच फाडला. देवाजींनी स्वतः येऊन आपल्या शिक्क्यावर दुसरा शिक्का मारला, 'रद्द'. जाता जाता एक म्हातारे गृहस्थ गणपतरावांच्या खांद्यावर हात ठेवून म्हणाले, "तुमचं बोलणं चांगलं होतं, पण नळ पाह्यजे होता." टेबलावर चहाचे त्रेचाळीस कप होते, कारण कौशल्याबाईंनी ते नेमके तेव्हाच आणले होते. लोक चहा मात्र पिऊन गेले.

त्या दुपारी गणपतराव जेवले नाहीत. पलंगावर भिंतीकडे तोंड करून पडून राहिले. उंटवाल्याचं नाव आलं होतं. आता बासरीवाल्याचं येणार होतं. ओमप्रकाशचा फोन दोनदा वाजला, त्यांनी घेतला नाही. आपण लेखक नाहीच, आपण फक्त दुसऱ्यांची वाक्यं इकडून तिकडे नेणारे हमाल आहोत, असं त्यांना अगदी मनापासून वाटलं, आणि ते वाटून फार वाईट वाटलं.

संध्याकाळी धम्मानंद आले. ते रांगेत नव्हते. वीज खात्यात तीस वर्षं मीटर तपासून निवृत्त झालेला माणूस. स्वतःच्या डोळ्यांनी आकडा पाहिल्याशिवाय त्यांनी उभ्या आयुष्यात काही लिहून घेतलं नव्हतं. फाटक्या फॉर्मांतला एक जुळवून त्यांनी वाचला आणि म्हणाले, "भुसारीजी, मी यावर सही करणार नाही. कोणी म्हणते म्हणून मानायचं, हे आमच्यात नाही बसत. पण एक विचारू? तुम्ही ती जागा पाह्यली का?"

गणपतराव उठून बसले. "म्हणजे?"

"म्हंजे जाऊन. डोळ्यांनं. रीडिंग घेतलं का?"

गणपतरावांनी कधी इजिप्त पाहिलं नव्हतं. माया कुठे राहत, तेही नकाशात शोधावं लागे. न पाहता लिहायची बावीस वर्षांची सवय, त्या सवयीत घरापासून तासाभरावरचा माळही त्यांनी पलंगावर बसूनच लिहून काढला होता. हे त्यांच्या लक्षातच आलं नव्हतं. त्यांनी खूप वेळ चादरीची सुरकुती सरळ केली. मग म्हणाले, "नाही पाहिली."

"उद्या सकाळी चला. माही गाडी काढतो."

गुरुवारी सकाळी धम्मानंदांची जुनी व्हॅन निघाली तेव्हा पुढच्या सीटवर इंदूबाई आधीच बसल्या होत्या. "मी काहून नाही? माह्या जन्माच्या आधीचं काही त पाहू द्या मले." कौशल्याबाईंनी पोळ्या, आलूची भाजी, लोणचं, दही आणि चिवडा घेतला. सगळं शहर ओलांडून काटोल रस्त्याच्या बाजूला बाहेर पडेपर्यंत साडेदहा झाले आणि एप्रिलचं ऊन अंगावर आलं.

आणि ते दिसलं. पळसाच्या झाडांमधून पसरलेला माळ आणि त्यावर गोलच गोल. कुठे कमरेएवढे दगड, कुठे गुडघ्याएवढे, निम्मे जमिनीत. काही दगडांवर बोट मावेल असे ओळीने कोरलेले खळगे. गणपतराव एका गोलाभोवती चालले. पुन्हा चालले. या माणसांवर आपण चौदा वाक्यं लिहिली आणि त्यातलं एकही इथे लागू पडत नाही, असं त्यांना वाटलं. कोणीतरी हे धोंडे कुठून तरी ओढत आणले होते, आपल्या माणसासाठी. घाम पुसत ते व्हॅनकडे वळले.

"पाणी दे," ते कौशल्याबाईंना म्हणाले.

"तुमच्याकडे होतं न?"

"माझ्याकडे? धम्मानंदजींकडे असेल."

"मले वाटलं, वहिनीनं घेतलं."

व्हॅनमध्ये पोळ्या होत्या, दही होतं, चिवडा होता, तीन प्रकारचं लोणचं होतं. पाणी नव्हतं. मृतांनी पाणी का नेलं यावर चार दिवस भांडलेली ही मंडळी स्वतः मात्र एप्रिलच्या उन्हात बिनपाण्याची आली होती. इंदूबाई एका दगडाच्या सावलीला टेकल्या. त्यांचं तोंड उतरलं होतं. धम्मानंदांची धावपळ सुरू झाली, गाडी काढू, दुकान पाहू.

तेवढ्यात पळसाखालून हाक आली. "अजी, इकडे या! मायले इकडे आणा!"

माळावरचा राखणदार होता, धोंडबा नावाचा. पळसाच्या बुंध्याशी त्याने मातीचा रांजण पुरून ठेवला होता, वर ओलं फडकं आणि एक पेला. रोज घरून सायकलवर पाण्याचे दोन कॅन आणून तो भरायचा. इंदूबाईंनी सवयीने दोन्ही हात ओंजळीसारखे पुढे केले. धोंडबा बाजूला झाला.

"तसं नाही माय. पेला घ्या. आपल्या हातानं घ्या, पाह्यजे तेवढं."

इंदूबाईंनी पेला बुडवला. एक प्यायल्या, दुसरा प्यायल्या. मग पेला हातात धरूनच बसून राहिल्या.

"काहून ठेवता जी हे?" गणपतरावांनी धोंडबाला विचारलं. एवढी पुस्तकं वाचलेला माणूस, पण त्या क्षणी त्यांना खरंच माहीत करून घ्यायचं होतं.

धोंडबाला प्रश्न कळला नाही. "काहून म्हंजे? येणाऱ्याले तहान लागते न."

"माह्या बापानंही असंच म्हटलं होतं," इंदूबाई म्हणाल्या.

आणि त्यांनी सांगितलं. छप्पन साली दीक्षा घेतली तेव्हा त्या नऊ वर्षांच्या होत्या, बापाच्या खांद्यावर बसून गर्दी पाहिली होती. घरी येऊन बापाने देव्हारा उतरवला. एका दिवसात मानणं सोडलं. पुढच्या उन्हाळ्यात अकीती आली आणि आजी रडायला लागली, की आता मेलेल्यांची घागर कोण भरेल. बाप कापडगिरणीतून कामावरून आला, त्याने नवा माठ आणला, भरला आणि दाराबाहेर रस्त्यावर ठेवला. म्हणाला, माय, मेलेले पेतात का नाही ते मले दिसत नाही. जाणारा-येणारा पेईन ते मले दिसते. वर पेला ठेवला. "आमाले जिथं तिथं वरून, ओंजळीत पाणी टाकत होते न, बापू. म्हून त्यानं पेला ठेवला. ज्यानं त्यानं आपल्या हातानं घ्यावं. तवापासून ठेवतो. पहिले बाप, मंग मी."

गणपतरावांना फाटकाबाहेरचा माठ आठवला. अकरा वर्षं ते त्या माठाला वळसा घालत आले होते. सोमवारी तर त्यांनी तो जवळजवळ पाडलाच होता. त्यांना स्वतःची इतकी लाज वाटली की ती लपवायलाही सुचलं नाही. "मावशी, चुकलं," ते म्हणाले. इंदूबाईंना वाटलं ते सोमवारबद्दल बोलताहेत. "जाऊ दे. फुटलं नाही," त्या म्हणाल्या.

तिथेच, पळसाखाली बसून, चिवड्याच्या पुडक्याच्या कागदावर गणपतरावांनी नवीन स्क्रिप्ट लिहिली. शुक्रवारी चार वाजून पन्नास मिनिटांनी ती मयुराच्या टेबलावर होती. कागदाला तेल लागलं होतं. मयुराने ती सगळी वाचली, शेवट दोनदा वाचला.

'ते काय मानत होते, हे त्यांनी लिहून ठेवलेलं नाही. त्यांनी मडकी ठेवली. आजही नागपुरात कोणी अकीतीला घागर भरतं, कोणी फाटकाबाहेर माठ ठेवतं, कोणी पळसाखाली रांजण पुरतं. का, असं विचारलं तर एकमेकांशी जुळेल असं उत्तर मिळत नाही. तहान लागते, एवढं मात्र सगळ्यांनाच ठाऊक आहे.'

"सर, यात 'मानले जाते' एकदाही नाही," मयुरा म्हणाली.

"नाही."

"मग नमुना म-तीन लागणार नाही." तिने खण उघडला. गणपतरावांचा जीव भांड्यात पडला होता, तो पुन्हा वर आला. "पण हे सगळं कोणी तरी पाहिलेलं असलं पाहिजे. त्यासाठी नमुना प-एक आहे. पाहिल्याचे घोषणापत्र."

"त्याला किती लागतात?" गणपतरावांनी हताश होऊन विचारलं.

"दोन, सर. पाहिलेल्या गोष्टीला दोन पुरतात."

खाली चष्म्यांच्या दुकानापाशी व्हॅन उभी होती. धम्मानंद वर आले आणि त्यांनी सही केली, जशी मीटरच्या कार्डावर करायचे तशी: तारीख, वेळ, 'प्रत्यक्ष पाहिले'. इंदूबाई दोन जिने चढून आल्या. दीक्षेच्या दुसऱ्या वर्षी त्या अक्षरं शिकल्या होत्या. त्यांनी एकेक अक्षर पक्कं उभं करत पूर्ण नाव लिहिलं. मयुरा तेवढा वेळ प्रिंटरकडे पाहत थांबली, आणि मग तिने हळूच डोळे पुसले, धूळ गेली म्हणाली.

मे महिन्यातल्या एका रविवारी सकाळी अकराला भुसारींच्या हॉलमध्ये पाय ठेवायला जागा नव्हती. ओमप्रकाश दुकान बंद ठेवून आला होता. मोनाली मूल घेऊन आली. देवाजी आले, त्यांनी पहिल्या रांगेतली खुर्ची घेतली. इंदूबाईंना टीव्हीच्या अगदी समोर वेताचा मोडा दिला होता. पंचवीस मिनिटं कोणी बोललं नाही. शेवटचं वाक्य आलं तेव्हा मागून मोनाली एवढंच म्हणाली, "बराबर आहे न." मग नावं सुरू झाली.

आधी कॅमेरा आला. ड्रोन आला. मग पडद्यावर 'ज्यांनी पाहिले' असं आलं आणि खाली दोन नावं. गणपतरावांना याची कल्पना नव्हती. मयुराने कोणालाच सांगितलं नव्हतं. इंदूबाई मोड्यावरून पुढे वाकल्या. त्यांचं बोट वर उचललं गेलं, ओठ हलायला लागले. "इं... दू... बा... ई..." त्या अख्खं नाव वाचत होत्या. त्यांच्या चेहऱ्यावर जे काही होतं ते पाहताना गणपतरावांना दुसरं काही दिसेना.

"भाऊजी, आलं! आलं, पाहा!" ओमप्रकाश ओरडला.

गणपतरावांनी मान वळवली. पडद्यावर तांदळाची जाहिरात होती.

ओमप्रकाशचं बोट पडद्याकडे तसंच राहिलं. बावीस वर्षं आणि दोन सेकंद, आणि ते नेमके त्यांच्याच डोळ्यांआडून गेले होते. कौशल्याबाईंनी तोंडाला पदर लावला. गणपतराव हसायचा प्रयत्न करत म्हणाले, "आलं होतं न? मग झालं. मले दिसलं नाही, तरी तुम्ही म्हणता त मानतो मी."

"मानायचं कायले?" इंदूबाई मोड्यावरून वळल्या. "माह्यं वाचून झालं, मंग तुमचं आलं. मी पाह्यलं, बापू."

"मीही पाह्यलं," कौशल्याबाई पदराआडून म्हणाल्या. "अर्ध्या पडद्याएवढं मोठं होतं."

धम्मानंदांनी मनगटावरच्या घड्याळात पाहिलं आणि शांतपणे सांगितलं, "अकरा सव्वीस. दोन साक्षीदार. पुरते, भुसारीजी."

गणपतरावांनी मान हलवली. मग ते उठले आणि सगळ्यांना पाणी आणायला आत गेले.